कोंडू गोजरची घंटा

आमच्या वैशाखऱ्यात डोंगरातून कुणी ओरडलं तर कुणी उठत नाही, हे आधी सांगून टाकलेलं बरं. नाहीतर कोंडू गोजर वेडा होता असं तुमचं मत होईल. तसं ते आमच्याकडेही बऱ्याच जणांचं होतं, पण त्यांना निदान कारण माहीत होतं. मुरबाडहून माळशेजकडे जाणारा रस्ता गावावरून जातो आणि गावापुढे नाणेघाटाची वाट वर चढते. पावसाळ्यात दर रविवारी मुंबई-ठाण्याची पोरं एसटीतून उतरतात आणि ओरडायला लागतात. चढताना ओरडतात, धबधबा दिसला की ओरडतात, नाही दिसला तरी ओरडतात. आपलाच आवाज दरीतून परत येतो याचं शहरातल्या माणसाला फार कौतुक. आम्ही त्या आवाजात भाताच्या लावण्या केल्यात. कावळा ओरडला तर आम्ही पाहुणा कोण येतोय म्हणून रस्त्याकडे बघतो, पण रविवारचा माणूस ओरडला तर मान वर करत नाही.

त्या वाटेच्या तोंडाशी कोंडूचं हॉटेल होतं. हॉटेल म्हणजे कुडाच्या तीन भिंती आणि चौथ्या बाजूला रस्ता. कोंडू भजी तळायचा, त्याची बायको सोमी चहा करायची, आणि दोघं मिळून गिऱ्हाइकांशी भांडायची. कोंडूला कुणाचंच काम पटत नसे. एसटीच्या ड्रायव्हरला तो ब्रेक कसा मारावा ते सांगे, डॉक्टरला सुई कुठे टोचावी ते सांगे. मी रत्नदीप, मुरबाड ते वैशाखरे जीप चालवायचो. पॅसेंजर भरेपर्यंत जीप त्याच्याच दारात उभी असायची, त्यामुळे गाडी कशी चालवावी हे मला दिवसातून निदान चारदा ऐकायला मिळायचं.

चौऱ्याण्णव सालच्या श्रावणातली गोष्ट. एका रविवारी कल्याणकडचा एक मुलगा वाट चुकून कुड्याच्या घळीत पडला. घळ हॉटेलच्या बरोबर वर आहे. कुड्याची झाडं दाट, आत काही दिसत नाही, पण आवाज सरळ खाली येतो. तो दुपारी ओरडायला लागला. हॉटेल भरलेलं होतं. कोंडू कढईवरून मान न उचलता म्हणाला, "पोरं आज जोरात हायेत." सगळे हसले. संध्याकाळपर्यंत आवाज येत होता, मग थांबला. मंगळवारी गुराख्यांना तो सापडला, तेव्हा तो गेलेला होता.

पुढच्या आठवड्यात त्याची आई आली. मुरबाडहून मीच तिला जीपमधून आणलं. साधी, सुती साडीतली बाई. हॉटेलात बसायला सांगितलं तर बसली नाही. घळीकडे बघत उभी राहिली आणि मग कोंडूला म्हणाली, "त्याने हाका मारल्या असतील ना हो? कुणालाच ऐकू नाही आल्या?"

"नाय बाई," कोंडू म्हणाला. "पाऊस होता."

त्या रविवारी पावसाचा थेंब नव्हता. गावात प्रत्येकाला ते ठाऊक होतं आणि हॉटेलात बसलेला प्रत्येकजण गप्प होता. बाईने मान हलवली, कोंडूने दिलेलं पाणी प्यायली आणि जाताना त्याचे आभार मानले. तिने शिव्या घातल्या असत्या तर कोंडू उलट भांडला असता आणि बरा राहिला असता. पण तिने आभार मानले. त्या दिवशी त्याने भजी तळली नाहीत.

तिथून त्याला ते लागलं. वर अडकलेल्या माणसाच्या हातात काहीतरी असं द्यायचं, की ते वाजलं किंवा दिसलं की खालचा माणूस उठलाच पाहिजे. एवढंच त्याला हवं होतं, आणि पुढची बारा वर्षं त्याने दुसरं काही मागितलं नाही.

आधी शिट्टी आली. मुरबाडच्या बाजारातून त्याने डझनभर आणल्या, ट्रेकला जाणाऱ्यांच्या गळ्यात घातल्या आणि एका रविवारी मला वर पाठवून वाजवायला लावली. मी फुफ्फुसं फुटेस्तोवर वाजवली. खाली चारपाच जण उठले आणि कबड्डी सुरू झाली असेल म्हणून शाळेच्या मैदानाकडे गेले. मग त्याने आरसे वाटले. आषाढ-श्रावणात आमच्याकडे सूर्यच नसतो, हे त्याच्या लक्षात सोमीने आणून दिलं.

धुराची कल्पना मला स्वतःला पटली होती. सुका पाला, थोडी राळ, वर ओल्या फांद्या, सगळं प्लास्टिकमध्ये घट्ट बांधलेलं. पावसात ते पेटणार कसं याचा विचार पुढे करू म्हणून त्याने चाचणी चैत्रात घेतली. चैत्रात आमच्याकडे राब भाजतात. भाताची रोपं टाकायच्या जागेवर पाला, गवत, शेण पसरून पेटवून देतात, म्हणजे जमीन भाजून तयार होते. कोंडूने घळीतून धूर काढला तेव्हा मुरबाड तालुक्यातल्या प्रत्येक वावरातून धूर निघत होता. खालून बघणाऱ्याला वाटावं, अख्खा तालुकाच अडकलाय. धूर काढून कोंडू काळा होऊन खाली आला तर हॉटेलात रोज पत्ते कुटणारा जैतू त्याला विचारतो, "घळीत राब भाजतोस? तिथं काय पिकनार रे?"

लाल कपड्याचं मात्र वेगळंच झालं. कोंडूने एक लांब बांबू घेतला, त्याला लाल कापड बांधलं आणि वाटेवरच्या एका कड्यावर तो रोवून ठेवला. कुणाला काही बोलला नाही. बघू, कोण बघायला येतं. आठवडा गेला, कुणी काही बोलेना. नवव्या-दहाव्या दिवशी तो स्वतः वर गेला, तर बांबूच्या बुडाशी नारळ फोडलेला. पुढच्या वेळी हळदकुंकू. त्याच्या पुढच्या वेळी एक गोल दगड, शेंदूर लावलेला. कोंडूने कापड काढायला हात घातला तर खालून लाकडं आणायला आलेल्या बायांनी त्याला झाडून काढलं. आता तिथे देवी आहे. लोक कोंबडी देतात. सोमीसुद्धा गुडघ्यासाठी नवस बोलून आली, आणि गुडघ्याचं दुखणं राहिलं म्हणते. संकटात सापडलेल्या माणसासाठी लावलेल्या कपड्यापाशी गाव आपापली संकटं घेऊन जायला लागलं, याचा कोंडूला इतका संताप आला की तो दोन दिवस जेवला नाही.

एकच साधन त्यातल्या त्यात चाललं, ते म्हणजे सुतळी बॉम्ब. वर बॉम्ब फुटला आणि अर्ध्या तासात माणूस हजर झाला. तो फॉरेस्टचा गार्ड होता. त्याला वाटलं शिकार चाललीय. त्याने कोंडूला दिवसभर ऑफिसच्या बाकावर बसवून ठेवलं. मी सोडवायला गेलो तर कोंडू खुशीत. "आला ना पन? कुनीतरी आला!" पुढचा महिनाभर तो मला पटवत होता, की यासारखं साधन नाही. गार्डने सांगितलं पुन्हा फुटला तर केस करीन, तेव्हा ते बंद झालं.

घंटेचं श्रेय मात्र एका म्हशीला आहे. हॉटेलसमोर रस्त्यापलीकडे बाईजा राहायची. विधवा बाई, कमरेत पदर खोचलेला, जीभ कोयत्यासारखी. तिची चांदी नावाची म्हैस रानात चरायला जायची. आमच्याकडे रानात सोडलेल्या जनावरांच्या गळ्यात घंटा असते आणि प्रत्येक घराच्या घंटेचा आवाज निराळा. तो आम्ही मुद्दाम ऐकत नाही, कानावर पडत असतो. जनावर चरत असलं की घंटा सावकाश वाजते. अडकलं की ते मान झटकतं, घंटा खडाखड वाजते, थांबते, पुन्हा वाजते. एका दुपारी चांदी ओढ्याच्या चिखलात रुतली. हॉटेलात पत्ते चालले होते. घंटा खडखडली आणि कुणी काही न बोलता हॉटेल रिकामं झालं. पत्ते टाकले, चहा तसाच सोडला. तापाने फणफणत कोपऱ्यात पडलेला मंगळूसुद्धा घोंगडी फेकून पळाला. आत उरलो मी, सोमी आणि झारा हातात धरून उभा असलेला कोंडू.

मला माणसाच्या जातीच्या वतीने राग आला. मी म्हणालो, "बघितलंस? माणूस बोंबलला तर कुणी उठत नाही."

"राग मंग कर, रत्न्या," कोंडू म्हणाला. त्याचे डोळे चमकत होते. "आधी मला सांग, ती घंटा कशाची हाय?"

त्याने जुन्या लोखंडी पाइपाचा तुकडा कापला, आत खैराच्या लाकडाची जीभ बसवली, आणि चांदीच्या घंटेशी आवाज जुळेपर्यंत तासत राहिला. जुळवायला तो रोज बाईजाच्या गोठ्यात जाऊन म्हशीच्या गळ्याशी कान लावून उभा राहायचा. बाईजाने सोमीला बोलावून सांगितलं की नवऱ्याला आवर. ट्रेकला जाणाऱ्या प्रत्येक टोळीला तो एक घंटा द्यायचा आणि वाजवायचं शिकवायचं. "चरल्यासारखी वाजवू नका. रुतल्यासारखी वाजवा. मान झटका आधी, म्हंजे हाताला कळंल." ठाण्याचे इंजिनियर, शाळेचे मास्तर, हॉटेलसमोर रांगेत उभे राहून माना झटकत. एसटीतल्या लोकांना वाटायचं, इथे कसला तरी अंगात येण्याचा प्रकार आहे.

आणि घंटा चालली. डोंबिवलीचा एक बँकेतला माणूस पाय मुरगळून घळीच्या वर बसला होता. त्याने घंटा रुतल्यासारखी वाजवली. गाव दोर आणि काठ्या घेऊन धावलं, सगळ्यांत पुढे बाईजा. ती झाडी सारून पोचली आणि बघते तर चष्म्याचा माणूस.

"म्हस कुठाय?"

"मी आहे," तो म्हणाला.

बाईजा मटकन खाली बसली आणि तिथून तिने त्याला, त्याच्या बँकेला आणि कोंडूला शिव्या दिल्या. पण दोर आणलेलाच होता, म्हणून त्याला खाली आणलं. त्या दिवसापासून बाईजा कोंडूशी बोलली नाही. काही सांगायचं असलं तर त्याच्यासमोरच उभी राहून सोमीला सांगायची.

पुढच्या वेळी कोंडूची घंटा वाजली तेव्हा बाईजा उठली नाही. कोंडूने आवाज बदलला. आता जैतूच्या गाईचा. जैतू धावला, त्याच्या भावकीतले धावले, खाली येताना खांद्यावर एक पोरगी आणि तोंडात शिव्या. मग मंगळूच्या बैलाचा आवाज. मग वरल्या आळीतल्या शेळ्यांचा. असं करता करता गावातली जनावरं संपली. प्रत्येक घर एकदा फसलं आणि एकदा फसलेलं घर पुन्हा उठेना. ग्रामसभेत विषय निघाला, की माणसांनी जनावरांच्या घंटा वाजवू नयेत. तोवर पाचसहा माणसं जिवंत खाली आली होती, पण सभेत ते कुणी काढलं नाही. त्यात काही टोळ्या घंटा गंमत म्हणूनही वाजवायला लागल्या. पोरं ती.

शेवटी कोंडू स्वतःच जायला लागला. घंटा वाजली की जायचा. पुढे घंटा नसली तरी जायचा. नुसता कुणी ओरडला की झारा ठेवायचा आणि निघायचा. भजी जळायची, सोमी कपाळाला हात लावायची. तो तासाभराने धापा टाकत येऊन म्हणायचा, "कोन नाय. मजेत हायेत." कधी कुणाला हात देऊन खाली आणायचा. मग मोबाइल आले. पोरं म्हणायची, काका, घंटा कशाला, फोन आहे की. घळीत रेंज नाही हे त्यांना घळीत गेल्यावर कळायचं. घंटा हॉटेलात खिळ्याला लटकत राहिल्या. कोंडू साठीला आला, तरी जायचा. आणि गावाला त्याचीही सवय झाली. कुणी ओरडलं की लोक म्हणायचे, "कोंडूदादा हाय ना." एक माणूस इतका इमानाने उठतो म्हटल्यावर बाकीच्यांना बसायला बरंच. याचाही मला राग यायचा.

दोन हजार सहाच्या पावसाळ्यात तो हॉटेलच्या छपरावर प्लास्टिक टाकताना घसरला. पाय मोडला. प्लास्टर घालून सोमीने त्याला हॉटेलबाहेर बाजेवर टाकलं, म्हणजे निदान डोक्याशी कटकट नको. तिथून त्याला घळ दिसायची.

श्रावणातला रविवार होता. सकाळभर कोसळून पाऊस थांबलेला, ओढे तांबडे झालेले. हॉटेल भरलेलं होतं. घळीतून ओरडायचा आवाज आला. एका मुलाचा आवाज, वरच्यावर, थांबून थांबून. जैतू पत्ते वाटत होता. तो मान न उचलता म्हणाला, "पोरं आज जोरात हायेत."

कोंडू बाजेवर उठून बसला. मी त्याच्याकडे बघत होतो. त्याचं तोंड पांढरं पडलं होतं.

"कुनीतरी जा," तो म्हणाला.

"तुमी बरे झालात की जा," कुणीतरी म्हणालं आणि हसू झालं.

मी जीपमधून उतरलो. कोंडूने माझा हात धरला. "तू एकटा जाऊन काय करशील? घळीत पानी चढलं असंल. दोर धराया धा मानसं लागतात." तो हॉटेलातल्या एकेकाच्या तोंडाकडे बघत होता. नुसतं बघत होता.  वरून आवाज येतच होता आणि आता तो बारीक होत चालला होता.

मग कोंडूने रस्त्यापलीकडे तोंड केलं आणि असा ओरडला की बाजेची दोरी करकरली.

"बायजा वयनी! चांदी पडली गो! कुड्याच्या घळीत! पानी चढतंय!"

बाईजाने सूप टाकलं. तांदूळ अंगणभर झाले. ती दोर घेऊन अनवाणी निघाली, आणि बाईजाची म्हैस म्हटल्यावर मागे राहायची कुणाची हिंमत? जैतू उठला, मंगळू उठला, मागोमाग सगळे. मीही धावलो.

घळीत मुलगी होती. दीप्ती नाव, कॉलेजची. पाय दोन दगडांत अडकलेला, हाड बाहेर आलेलं, पाणी छातीपर्यंत. तिचा मित्र वरच्या दगडावरून तिचा हात धरून ओरडत होता आणि त्याचा घसा बसला होता. बाईजा क्षणभर थांबली. म्हैस कुठे आहे असं तिने विचारलं नाही. पदर खोचून ती पाण्यात उतरली, मुलीच्या काखेखाली हात घातले आणि वर बघून म्हणाली, "बगता काय मेल्यांनो? दोर सोडा!" आम्ही सगळे दोराला लागलो. दगड सरकवायला मंगळू आणि जैतू पाण्यात गेले. ती बाहेर निघाली तेव्हा जिथे तिचं तोंड होतं तिथे पाणी आलं होतं.

मी तिला मुरबाडला पोचवून संध्याकाळी परत आलो. हॉटेलसमोर गाव जमलेलं. चांदी भलत्याच बाजूने, पोट फुगेस्तोवर चरून, सावकाश घरी येत होती. बाईजा चिखलाने माखलेली बाजेपुढे उभी होती. आता ती काय बोलते याकडे सगळ्यांचे कान.

कोंडूने तिला बोलू दिलं नाही. "वयनी, शिव्या मंग दे," तो म्हणाला. "त्या पोराच्या टायमाला मी ऐकलं होतं. चौऱ्यान्नवला. दुपारपासून ऐकत होतो. त्याच्या आईला सांगितलं, पाऊस होता."

 बाईजाने तोंडावरचा चिखल पदराने पुसला. आठ वर्षांनी ती त्याच्याशी थेट बोलली.

"मी पन ऐकलं होतं, भावजी," ती म्हणाली. "अंगनात दानं वाळवत होते."

जैतूने डोक्यावरची टोपी काढली आणि हातात धरून उभा राहिला. मग एकेक जण घरी गेला. 

दीप्तीचा पाय वाचला. महिन्याभराने तिच्या वडिलांनी पेढे पाठवले, ते खराब तुपातले होते असं कोंडूचं मत पडलं. पण मला सांगायचंय ते त्याच्या आधीचं, लगेच पुढच्या रविवारचं. कोंडू बाजेवर होता. सोमीने बाईजाला हॉटेलात जेवायला बसवलं होतं, कारण आता बोलणं सुरू झालं होतं. बाईजाने भाकरीचा पहिला घास मोडला आणि घळीतून कुणीतरी ओरडलं.  सगळ्यांनी सवयीने कोंडूच्या बाजेकडे पाहिलं.

बाईजाने घास ताटात ठेवला. "बगून येते," ती म्हणाली आणि निघाली. ती थोडं अंतर गेल्यावर जैतू उठला. पत्ते पालथे ठेवून तिच्या मागे गेला. मग मंगळू. दोर कुणी घेतला ते मी पाहिलं नाही.

तासाभराने ती तिघं खाली आली. बाईजा घामाने निथळत होती.

"कोन होतं?" कोंडूने विचारलं.

"कोन नाय. फोटो काढतायत," बाईजा म्हणाली. ती ताटावर बसली, भाकरी गार झालेली बघून तिने त्या पोरांच्या सात पिढ्या काढल्या, आणि गारच भाकरी खायला लागली.

कोंडूने तोंड कुडाकडे फिरवलं. मला वाटलं पाय दुखतोय. जवळ गेलो तर तो रडत होता, पोरासारखा, खांदे हलवत. सोमीने मला खुणेने बाजूला केलं आणि त्याच्या डोक्याशी चहा ठेवून दिला.